ओळख पटली नाही

जुनं फुटेज शोधण्यात ताईचा हात धरणारं कुणी नव्हतं. सिनेमावाल्यांना एखाद्या पुराचं, संपाचं खरंखुरं चित्रण लागलं की ते ताईला गाठायचे आणि ती धूळ खात पडलेली रिळं उपसून नेमका तुकडा काढून द्यायची. आत्याच्या लेखी मात्र भाची ‘सिनेमात’ होती. आईवेगळ्या पोरीला तिनंच वाढवलेलं, तेव्हा मिरवायचा हक्कही तिचाच.

टंचाईवरच्या एका सिनेमासाठी ताईला पावाच्या रांगेचं रीळ सापडलं. त्यात एक तरुण बाई म्हाताऱ्याच्या हातातला पाव हिसकते, काखेत दडवते आणि एक डोळा बारीक करून थेट कॅमेऱ्याकडे बघते. तो डोळा ताईनं लहानपणापासून झेललेला होता. ती आत्याच होती.

“हीच पाहिजे!” दिग्दर्शक उडालाच. “कोण आहे ही?”

चित्रणातल्या माणसाची ओळख पटली आणि तो हयात असेल, तर त्याला विचारल्याशिवाय चेहरा दाखवायचा नाही, हा नियम ताईच नवख्यांना घोकून घ्यायला लावायची. पण आत्या नाहीच म्हणाली असती. आणि असा तुकडा पुन्हा थोडाच मिळणार?

“ओळख पटली नाही,” ताई म्हणाली. जीभ अडखळलीसुद्धा नाही.

सिनेमा टीव्हीवर कधी लागणार, हे तिनं घरी लपवलं. आत्यानं ते पेपरात वाचलं! त्या दुपारी ताई धावत पोचली, तर बाहेरच्या खोलीत खुर्च्या मांडून झालेल्या.

“आलीस बये? सगळा मजला बोलावलाय. शेवटी तुझं नाव येतं ना, ते एवढंसं असतं. चष्मे आणा म्हटलंय सगळ्यांना.”

“आत्या, बस जरा. त्यात तू आहेस.”

“मी? असल्या तोंडानं सिनेमात?”

“पावाच्या रांगेत. त्या म्हाताऱ्याच्या हातातून...”

आत्या बसली नाही. खुर्चीची पाठ धरून उभी राहिली.

“तू बघितलंस ते?”

“हो.”

“मी आहे हे ओळखून ते सिनेमाला दिलंस?”

“ओळखून.”

आत्यानं एक खुर्ची मिटली, मग दुसरी. ताई मदतीला पुढे झाली तर तिचा हात बाजूला सारला. “घरोघर जाऊन सांग, टीव्ही बिघडलाय म्हणून. खोटं बोलायला जमतंय की तुला.”

पहिल्या दोन दारांत जमलं. तिसऱ्या दारातली शेजारीण हसली. “एवढंच ना? आमच्याकडे या की! आमचा केवढा मोठा आहे. थांबा, आत्यांना मीच ओढून आणते.” आणि बाई चपला घालायलाही लागली.

ताईनं दाराची चौकट धरली.

“नका आणू. बघूही नका. त्यात मी आत्याची लाज काढलीय.”

शेजारणीनं पायातली चप्पल काढली. मग आवाज खाली आणून तिनं विचारलं, “किती वाजता लागणार म्हणालात?”