पद्माक्काची चाल

पद्माक्का जिना चढत असली की राजाजीनगरातल्या आमच्या इमारतीची वाहतूक ठप्प व्हायची. एक पाऊल उचलून पुढच्या पायरीवर ठेवायला ती इतका वेळ घ्यायची, की मागे खांद्यावर सिलिंडर घेतलेला माणूस काकुळतीनं कानडीत वाट मागायचा, "अक्का, स्वल्प दारी बिडी!" मग ती भिंतीला चिकटायची, तेही सावकाश. हा तिचा सराव.

माझ्या वरच्या मजल्यावर राहणारी ही बाई नटी होती. पण तिच्या सिनेमांना गोष्ट नसायची. एकात तर शेवटपर्यंत तिची फक्त मान दिसते, आणि तीही मागून. मालिकेतलं चांगलं काम चालून आलं, तर म्हणाली, "तिथं रडायला पण घाई करायला लावतात, ताई." मी कपाळावर हात मारून घेतला.

तिची आई निपाणीला. लेक नटी आहे हे गावभर सांगून बसलेली, पण लेकीचं काम एकदाही पाहिलेलं नाही. नवरा अंथरुणाला खिळलेला, त्यामुळे पाय निघत नसे. चिकपेटेतल्या कापडाच्या एका जुन्या गोदामात पद्माक्काचा प्रयोग ठरला, तेव्हा नवऱ्याजवळ शेजारणीला बसवून म्हातारी एका दिवसापुरती आली. मीच तिला घेऊन गेले.

प्रयोग काय, तर पद्माक्का सकाळी या भिंतीपासून निघणार आणि संध्याकाळी त्या भिंतीला पोचणार. बाजूला पडद्यावर तिच्याच चालण्याची फिल्म. मध्ये बोलायचं नाही, थांबायचं नाही. आई पलीकडच्या भिंतीशी दशम्यांचा डबा मांडीवर घेऊन बसली.

दुपार उलटली तरी बाई निम्म्यातच! संध्याकाळी आईची परतीची बस. माझा जीव खालीवर होत होता. "तुम्हीच जा ना पुढं," मी म्हटलं.

"नको. ती येत्याय की," आई म्हणाली. "साळंतनं पण अशीच यायची. मी दारात उभी, नि ही वाटेत मुंग्या बघत."

शेवटी मीच पद्माक्काच्या कानाशी लागले. "अगं, बस चुकेल त्यांची. उचल की पाय!" तिच्या डोळ्यांत पाणी आलं. पाय मात्र तसाच हवेत. पाठीत एक धपाटा घालावा असं मला वाटलं. हातभर अंतर उरलं असताना आई उठली. "कामात हाय ती," एवढंच म्हणून तिनं डबा भिंतीशी ठेवला आणि माझ्यामागून निघाली. डबाही कलाकृतीतलाच समजून लोक त्याचे फोटो काढू लागले.

पद्माक्का घरी आल्यावर मी तिला फाडफाड बोलले.

"मी पोचायलाच निघालो होतो की," ती म्हणाली. "घाई केली असती तर दिवसभराचं सगळं खोटं झालं असतं. आईला खोटं कसं दाखवू?"

"मग खरं तरी कुठं दाखवलंस?" मी ओरडले. ती रिकामा डबा घासत राहिली.

दिवाळीच्या तोंडावर निपाणीहून आई गेल्याचा फोन आला. जिन्यात धडधड ऐकून मी दार उघडलं. पद्माक्का पायऱ्या गाळत, कठड्याला आपटत खाली धावत होती. एका पायात चप्पल, दुसरा अनवाणी. तिला धावताना मी पहिल्यांदाच पाहत होते. आणि रडू फुटायच्या आधी मला तिचा रागच आला. बाई गं, आता कशाला?