फक्कीचा भटारखाना

बेबीनंदाचं दिल्लीला जाणं एका जहाजावर अडलं होतं.

घनसावंगीला समुद्र नाही. गोदावरी आहे, पण तीही काही कोसांवर, आणि वैशाखात तिच्यात म्हैस बसली तर पाठ कोरडीच राहते. तरीही एका लढाऊ जहाजापायी या गावातल्या एका सुनेचा संसार चार वर्षं खोळंबला होता, आणि बेबीनंदा सोडून कुणालाच त्यात काही वावगं वाटत नव्हतं.

तिचा नवरा वसंता दिल्लीत नौदलाच्या एका नकाशाघरात ड्राफ्ट्समन होता. औरंगाबादला आयटीआय करून, परीक्षा देऊन लागलेला. तिथं एका नव्या जातीच्या जहाजाचं काम चाललं होतं. कॉर्व्हेट म्हणतात त्याला. आकारानं लहान, पळायला चपळ आणि अंगावर क्षेपणास्त्रं वागवणारं. हे सगळं अर्थातच गुप्त होतं. गुप्त असल्याचं वसंतानं आपल्या वडिलांना बजावून सांगितलं होतं, म्हणून ते गावात सर्वांना ठाऊक होतं.

वडील म्हणजे तातेराव गुरुजी. प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेले. बस थांबते तिथल्या हॉटेलात रोज सकाळी बसत आणि "हे कुणाला बोलायचं न्हाई बरं का," अशी सुरुवात करून अग्निबाणांची माहिती देत. ऐकणाऱ्याला वाटे, वसंता जहाजाच्या टोकाला बसून स्वतःच्या हातानं अग्निबाण सोडतो. प्रत्यक्षात वसंताकडे भटारखाना होता. जहाजावरचं स्वयंपाकघर. शेगडी कुठं, मोरी कुठं, पिठाची कोठी कुठं, एवढंच तो कागदावर आखत असे. ही एक गोष्ट गुरुजींनी कुणाला सांगितली नव्हती, त्यामुळे सगळ्या जहाजात तीच काय ती खरोखर गुप्त राहिली होती.

लग्न झालं तेव्हा वसंता म्हणाला होता, "नकाशा मंजूर झाला की क्वार्टर मिळतं. क्वार्टर मिळालं की नेतो."

नकाशा मंजूर होत आला आणि साहेब लोकांना क्षेपणास्त्रं कमी वाटली. ती वाढवली तर जहाज जड झालं. जड झालं म्हणून लांब केलं. लांब केलं तर इंजिन पुरेना. मोठं इंजिन बसवलं तर ते माणसांच्या जागेत शिरलं. मग कुणीतरी म्हणालं, वर हेलिकॉप्टर उतरलं तर बरं दिसेल. मधल्या काळात दिल्लीतलं सरकार बदललं, पण जहाज बदलायचं थांबलं नाही. दर खेपेला कुठं तरी जागा कमी पडे आणि ती भटारखान्यातून काढून घेतली जाई, कारण भटारखाना शत्रूवर सोडता येत नाही.

वसंता रजेवर आला की बेबीनंदा ताट वाढता वाढता विचारी, "झाला का मंजूर?"

"होऊन राह्यलाय," वसंता म्हणे.

गिरिजाबाई, तिची सासू, मध्येच बोलत. "देशाचं काम हाय ते, बाई. घाई करून भागंल का?"

गिरिजाबाईंना देशाची इतकी काळजी वसंताच्या लग्नाआधी नव्हती. सून आली आणि त्यांच्या गुडघ्यांना आराम पडला. दळण, पाणी, सरपण सगळं सुनेकडे गेलं. स्वयंपाकघर मात्र त्यांनी सोडलं नाही. चुलीपुढं त्याच बसत, आणि बेबीनंदा त्यांच्या मागून, बाजूनं, अंग चोरून वावरत असे. सासूचा हात मिठाकडे वळला की ही मागं सरके. सासू उठली की ही भिंतीला चिकटे. चार वर्षांत तिला ते इतकं अंगवळणी पडलं होतं की आपण सरकतो हे तिच्याही ध्यानात येत नसे. धम्मदीक्षेच्या वर्षी जन्मलेली पोर. माहेरी तिला कुणी कधी भिंतीला लावलं नव्हतं.

त्या वर्षीच्या उन्हाळ्यात वसंता आला तो चिंतेतच. क्षेपणास्त्रांच्या पेट्या पुन्हा रुंद झाल्या होत्या आणि भटारखान्यातून हातभर जागा आणखी मागितली होती. उरलेल्या जागेत दोन स्वयंपाकी काम करू शकतील की नाही, ते रजेवरून येताच सांग, असं साहेबांनी त्याला सांगितलं होतं. गोदीत त्यानं एकदा पाहिलं होतं की जहाजाच्या रेषा एका मोठ्या माडीच्या फरशीवर खऱ्या मापानं आखतात. तेच इथं करायचं त्याच्या मनात आलं. गुरुजींनी शाळेतून खो-खोचं मैदान आखायची पांढरी फक्की आणली, आणि बापलेकांनी सारवलेल्या अंगणात टेपनं मोजून जहाजाचा भटारखाना आखला. चार विटा मांडल्या ती शेगडी. परात ठेवली ती मोरी. ज्वारीचं पोतं उभं केलं ती पिठाची कोठी.

गुरुजींनी दारात उभं राहून आळीला बजावलं, "इकडं कुणी बघायचं न्हाई. सरकारी काम हाय."

घटकाभरात सगळी आळी जमली. शेजारचा महेमूद जालन्याची जीप उभी करून आला. त्याची बायको मैमूना कडेवरच्या पोराला घेऊन कुडाला टेकली.

"गुर्जी, अग्निबाण कुठून सुटतो?" महेमूदनं विचारलं.

"तिकडून," गुरुजींनी गोठ्याकडे हात केला.

"आन् ह्ये परात कायको?"

"ते तुला कळायचं न्हाई. बिलकुल गुप्त हाय."

"मांडणीवरनं तर सैपाकघर वाटून राह्यलं," मैमूना म्हणाली, आणि बाया पदराआड हसल्या.

वसंतानं आईला आणि बायकोला आत बोलावलं. "माय, तू एक भंडारी, म्हणजे जहाजावरचा सैपाकी. बेबी, तू दुसरा. ही रेघ म्हणजे लोखंडी भिंत. पाय रेघेवर पडला म्हणजे भिंतीवर आपटलीस असं समजायचं. नेहमीसारखा सैपाक करा. आणि जरा डुला."

"डुला म्हंजी?" गिरिजाबाई म्हणाल्या.

"जहाज हलतं ना, माय."

गिरिजाबाई लोकांपुढं डुलायला आधी लाजल्या, मग पळी घेऊन अशा डुलू लागल्या की महेमूदनं शिट्टी वाजवली. पुष्कळ वेळ सगळं बराबर चाललं. सासू विटांवर कालवण ढवळत होती, सून मागून पाणी, पीठ, परात करत होती. दोघींचं कोपरसुद्धा लागलं नाही. वसंताचा चेहरा खुलला.

"मावतात! दोन आरामात मावतात!" तो म्हणाला. "काळजी उगीच होती. आपल्या क्वार्टरचं सैपाकघर तर याच्यापेक्षा लहान आहे."

बेबीनंदाच्या हातातली कळशी थांबली.

"कोणतं क्वार्टर?"

वसंता टेप गुंडाळू लागला. गुंडाळून झालेली टेप त्यानं पुन्हा सोडली.

"भेटलं का क्वार्टर?" ती म्हणाली.

"मागच्या साली भेटलं. पण तिथं ऑफिसमधले दोघं जण राहतात सध्या. आणि नकाशा अजून..." वसंतानं आईकडे बघितलं.

गिरिजाबाई विटांवरचं कालवण फार मन लावून ढवळत होत्या.

"आत्याबाई, तुमाला ठाऊक व्हतं?"

"देशाचं काम..." गिरिजाबाई म्हणाल्या.

बेबीनंदानं पदर खोचला. "आणखी एकदा करू," ती नवऱ्याला म्हणाली. "तुमी म्हणला ना, नेहमीसारखा सैपाक. मघाशी मी सरकून राह्यले व्हते. जहाजावरचा भंडारी दुसऱ्यासाठी भिंतीला चिकटून उभा राह्यला तर मंग भाकरी कोण करंल?"

वसंताला ते पटलं. नोकरीत त्याला असले मुद्दे पटायची सवय होती.

दुसऱ्या खेपेला बेबीनंदा सरकली नाही. बाकी काही केलं नाही. पीठ घ्यायला सरळ गेली, पाणी घेऊन सरळ आली. गिरिजाबाई मिठासाठी वळल्या तर त्यांचा हात सुनेच्या खांद्यावर आपटला. मागं झाल्या तर पाठीला कळशी लागली. उठल्या तर डोकं सुनेच्या कोपराला.

"डोळे फुटले का गं?"

"जागा कुठं हाय, आत्याबाई?"

"मागं हो की!"

"मागं भिंत हाय. लोखंडाची."

गिरिजाबाईंनी तिला कोपरानं बाजूला करायला बघितलं. एरवी ती झाली असती. आज ती तिथंच उभी राहिली, आणि गिरिजाबाईंचाच तोल जाऊन पाय रेघेपलीकडे पडला.

"चाची समुंदर में गई!" महेमूद ओरडला.

बाया खदखदून हसल्या. गिरिजाबाई फक्कीनं पांढरा झालेला पाय उचलून आत आल्या, पुन्हा धडकल्या, पुन्हा बाहेर गेल्या. तिसऱ्या खेपेला त्यांनी पळी विटांवर आपटली.

"ह्या खुराड्यात दोन बाया मावत न्हाईत!" त्या लेकाला म्हणाल्या. "सांग तुझ्या सायबाला. एकीनं निघावं लागंल, तवाच काम व्हईल!"

"मंग मी निघते," बेबीनंदा म्हणाली, आणि कळशी खाली ठेवून रेघेबाहेर पाऊल टाकलं.

आपण काय बोललो ते गिरिजाबाईंच्या ध्यानात आलं, पण तोवर ते सगळ्या आळीनं ऐकलं होतं. त्यांनी सावरायला बघितलं. "म्या जहाजाचं बोलले."

"माय, पण इथलं आपलं सैपाकघर याच्याहून लहान आहे," वसंता म्हणाला. तो मापाच्या बाबतीत खोटं बोलू शकत नसे. एरवी बोले.

सगळे गुरुजींकडे बघू लागले. गुरुजींना कैक वर्षांत इतकी मुलं एकदम गप्प मिळाली नव्हती. त्यांनी घसा साफ केला. "वसंता, दिल्लीला काय सांगशील? दोघी मावतात का न्हाई?"

"नाही मावत."

"मंग दिल्लीला एक सांगायचं आन् घरात दुसरं वागायचं, असं चालत न्हाई. ते सरकारशी खोटं व्हतं."

महेमूदनं जीपची किल्ली खिशातून काढली. "परवा जालन्याला गाडी जाऊन राह्यली. पुढची दोन सीटं धरून ठेवू का? स्टेशनपर्यंत सोडतो. देश के काम का खर्चा नहीं लेता."

"एकच धर," गिरिजाबाई म्हणाल्या.

"दोन," बेबीनंदा म्हणाली, आणि अंगणातली परात उचलून घासायला घेतली. वसंतानं मान हलवली. ती हो म्हणून की नाही म्हणून, हे बघायला ती थांबली नाही.

दिल्लीत ऑफिसमधल्या दोघांनी दोन दिवस तोंड फुगवून आपले बिछाने उचलले. वसंतानं साहेबांना पाहणीचा निष्कर्ष सांगितला. साहेब खूश झाले. भटारखाना काही वाढवला नाही. एक भंडारी कमी केला. त्यानं जी जागा वाचली तिच्यात आणखी काय बसवावं यावर समिती नेमली गेली, आणि नकाशा पुन्हा पहिल्यापासून निघाला. घनसावंगीत गुरुजींनी सांगितलं की सुनेलाही आता गुप्त कामावर घेतलं आहे.

पुढल्या हिवाळ्यात गिरिजाबाई दिल्लीला आल्या. गुडघे पुन्हा दुखू लागले होते. चहा घेऊन झाल्यावर त्या स्वयंपाकघराच्या दाराशी येऊन उभ्या राहिल्या आणि आत बघत राहिल्या. ओटा, मोरी, पिठाचा डबा, आणि मध्ये बेबीनंदा. पाय आत टाकावा की नाही हे त्यांना ठरवता येईना. अशा त्या कुणाच्या दारात कधी थांबल्या नव्हत्या.

"मावू का गं?" शेवटी त्यांनी विचारलं.

बेबीनंदानं मागं बघितलं. मग ती सरकली. भिंतीपर्यंत नाही, एका माणसापुरती.

"या की, आत्याबाई," ती म्हणाली. "पर जपून. इथल्या भिंती खऱ्या हायेत."