भांड्यासकट पगार

“तुमचं काय वहिनी, तुम्हाला सगळं फुकट!”

हे वाक्य पहिल्यांदा कोण म्हणालं ते फौजिणीला आता आठवत नव्हतं. पण गल्लीत ते असं काही रुळलं होतं, की लोक ‘कशा आहात’ म्हणायच्या जागी तेच म्हणायचे. कोपऱ्यावरचा किराणावाला साखर तोलता तोलता म्हणायचा. नळ दुरुस्त करणारा दुप्पट मजुरी मागताना म्हणायचा. एकदा तर ती दाढ काढून घ्यायला गेली, तोंडात कापसाचा बोळा, डोळ्यांत पाणी, आणि दातांचे डॉक्टर पैसे मोजून घेत म्हणाले, “तुमचं बरं असतं, फौजेत दातसुद्धा फुकट!” फुकट होते, नाही कोण म्हणतं? पण तो फुकटातला डॉक्टर बसायचा छावणीत, आणि छावणी होती बसनं अर्ध्या दिवसाच्या वाटेवर. तोंडात बोळा होता म्हणून डॉक्टर वाचले.

नवरा फौजेत ट्रक चालवायचा, म्हणून ती फौजीण. स्वतः घरी शिवणकाम करायची: पडदे, उशांचे अभ्रे, कुणाची विजार आखूड करून दे, कुणाची चेन बसवून दे. बोलायला फटकळ, पण शिवण सरळ. नवरा वर्षातून दोनदा सुट्टीवर यायचा, ट्रंक टेकवून आधी आईच्या पाया पडायचा आणि मग आरशात मिशी बघायचा. बायकोकडे बघायचा नंबर तिसरा. हे ती स्वतःच हसत हसत सगळ्यांना सांगायची.

राहायची ती काटेवाल्या काकांच्या माडीवर. काका म्हणजे घरमालक. खाली त्यांचं वजनकाट्यांचं दुकान, वर ही एक खोली, खोलीतच चुलीचा कोपरा, आणि गल्लीकडे उघडणारी खिडकी. खिडकीखाली शिलाई मशीन. खोली काही महाल नव्हता. पावसात एक भिंत घाम फुटल्यासारखी ओली व्हायची. पण फौजीण तिला सोडायला तयार नव्हती, आणि त्याचं कारण होतं जिना.

सासूबाईंची दृष्टी गेली होती. उजेड आणि अंधार एवढंच कळायचं. पण हा जिना त्यांच्या हाताला पाठ होता. कठड्याच्या लाकडात एक गाठ होती, ती बोटाला लागली की वळायचं. एका पायरीची कड तुटकी, तिथं पाय जपून टाकायचा. खालच्या खांबाला खिळा वर आलेला, तो लागला की आलं दुकान. रोज सकाळी म्हातारी एकटी, कुणाचा हात न धरता खाली उतरायची आणि दुकानाच्या बाकावर उन्हाला बसून काकांशी तोंडाला तोंड द्यायची. दुसऱ्या घरी गेली असती तर कोपऱ्यात बसून राहिली असती, पाण्याच्या तांब्यासारखी, कुणी उचलेल तेव्हाच हलणारी.

काका माणूस वाईट नव्हता. उलट वजनाच्या बाबतीत देवमाणूस. कुणी तेलाचा डबा काट्यावर ठेवला, की आधी रिकामा डबा आणायला सांगायचे, तो एका पारड्यात ठेवून दुसऱ्या पारड्यात बरोबरीचं वजन टाकायचे, काटा मध्यावर आणायचे, आणि मगच तेल. याला ते ‘धडा करणं’ म्हणत. “धडा न करता तोलणारा आणि खिसा कापणारा, दोघं सख्खे भाऊ,” हे त्यांचं लाडकं बोलणं. नवीन काट्यांचे जमाने आले, आकडे दाखवणारे दिवे आले, तरी काका धडा केल्याशिवाय काट्याला हात लावू देत नसत.

तर अशा या काकांनी एका सकाळी फौजिणीला खाली हाक मारली.

“पोरी, पुढच्या महिन्यापासून भाडं दीडपट.”

“दीडपट? का हो काका? भिंतीचा घाम वाढला म्हणून?”

“चेष्टा नको. परवडत नसेल तर खोली दुसऱ्याला देतो, घ्यायला माणसं आहेत.”

“अहो पण एकदम दीडपट?”

“तुम्हाला काय जड आहे?” काका चष्मा पुसत म्हणाले. “नवरा तुझा सुट्टीवर आला होता, इथंच बसून चहा प्यायला. स्वतःच्या तोंडानं पगार सांगितला. आकडा ऐकून मला ठसका लागला! एवढा पगार घेणाऱ्याकडून मी हे भाडं घ्यायचं म्हणजे मीच दानधर्म करतोय.”

आणि काकांनी आकडा सांगितला.

आता ठसका लागायची पाळी फौजिणीची होती. कारण पहिल्या तारखेला तिच्या हातात जे पडायचं, ते या आकड्याच्या निम्म्याहूनही कमी. ती वर आली, मशीनवर बसली, आणि एका गरीब पडद्याला उलटीकडून शिवत सुटली.

तिच्या मनात दोनच गोष्टी. एक तर काका खोटं बोलतायत, नाहीतर नवरा अर्धा पगार दुसरीकडे कुठंतरी पाठवतोय. दुसरा विचार आला तेव्हा सुई बोटात गेली.

नवऱ्याचा फोन रविवारी यायचा. त्या रविवारी तिनं ‘कसे आहात’ वगैरे काही विचारलं नाही.

“काकांना किती पगार सांगितलात?”

“का गं?”

“आधी सांगा.”

“जो आहे तो सांगितला. मोठे साहेब आले होते पलटणीत. आम्हाला रांगेत बसवलं, फळ्यावर लिहून दाखवलं. म्हणाले, तुम्ही स्वतःला गरीब समजू नका, हा बघा तुमचा एकूण मोबदला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.”

“त्या एकूणात काय काय होतं?”

“मूळ पगार, महागाई भत्ता...”

“ते मला माहीत आहे. पुढं?”

“कपडे धुण्याचा भत्ता. केस कापण्याचा. डोंगरावरच्या ठाण्याचा जादा भत्ता.”

“अहो, डोंगरावरून तुम्ही खाली येऊन वर्ष झालं! तो भत्ता तर त्याच महिन्यात बंद झाला!”

“फळ्यावर होता,” नवरा पडेल आवाजात म्हणाला. “मग जेवण. साहेब म्हणाले, बाहेर खाल्लं असतं तर इतके गेले असते. खाट. बूट. दवाखाना. दातांचा डॉक्टर...”

“दातांचा डॉक्टर? तुमचे बत्तीसच्या बत्तीस शाबूत आहेत!”

“तरी धरलाय. आणि म्हातारपणी पेन्शन मिळेल, तीसुद्धा महिन्याला वाटून धरली.”

फौजिणीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. बराकीतली खाट! जिच्यावर झोपून नवरा बायकोपासून दहा महिने लांब राहतो, ती खाट त्याच्या पगारात! अजून न आलेलं म्हातारपण पगारात! फंडाची कपात, विम्याची कपात, मेसची कपात, ती मात्र कुणी फळ्यावर लिहायची नाही. आणि त्या फळ्याला टाळ्या!

“काकांनी भाडं दीडपट केलंय,” ती म्हणाली. “तुमच्या खाटेवर आणि दातांवर. त्यांना खरं सांगा.”

“अगं, आता कसं सांगू? किराणावालासुद्धा होता तिथं. फौजी माणूस, सांगितलेला आकडा मागं घेऊ? इज्जत आहे काही. दे वाढवून. तू दोन पडदे जास्त शीव.”

दोन पडदे जास्त शीव! या माणसाला ट्रक चालवता येत होता, पण कुठं ब्रेक मारावा ते कळत नव्हतं.

“पुढच्या रविवारी सकाळी दुकानात मी असेन,” ती म्हणाली. “तिथं फोन करा. केलात तर केलात. नाही केलात तर आईंना घेऊन मी कुठं जाऊ, तेवढं तुमच्या साहेबांना फळ्यावर लिहून द्यायला सांगा.”

आणि फोन ठेवला.

सासूबाईंचे डोळे गेले होते, कान नव्हते गेले. त्या भिंतीला टेकून म्हणाल्या, “बापावर गेलाय. त्याचा बाप स्वतःची उंची टोपीसकट सांगायचा. लग्न ठरताना मला सहा फूट सांगितला. टोपी काढली तर माझ्या कानाशी!”

फौजीण रागातही हसली. आणि हसता हसता थांबली. टोपीसकट!

तो आठवडा कसा गेला विचारू नका. मशीनचा दोरा तुटायचा, भाजी करपायची. नवरा फोन करील याची तिला खात्री नव्हती. मिशीवाल्या माणसांचं काही सांगता येत नाही.

रविवारी सकाळी तिनं ट्रंकेतून नवऱ्याचे जुने फौजी बूट काढले, एक कांबळं काढलं, आणि दुकानात जाऊन काकांच्या मोठ्या काट्यावर ठेवलं. किराणावाला आपला काटा तपासून घ्यायला आला होता. तो म्हणाला, “काय वहिनी, भंगार विकताय? तुम्हाला काय कमी, सगळं...”

“फुकट. ऐकलंय भाऊ,” ती म्हणाली. “काका, हे घ्या वाढीव भाडं.”

काका बुटांकडे बघत राहिले. “हे काय?”

“तुम्ही ऐकलेल्या पगारात हे बूट आहेत, हे कांबळं आहे. एक लोखंडी खाटसुद्धा आहे, पण ती बराकीत आहे, तुम्हाला तिथं जाऊन झोपावं लागेल. एक हजामत आहे. दात दुखत असेल तर दाढ काढून मिळेल. जेवण आहे, पण ते नवऱ्यानं खाल्लं, ते काही परत आणता येणार नाही. पेन्शन आहे, तिला वीस वर्षं थांबा.”

“पोरी, डोकं ठिकाणावर आहे ना?”

“माझं आहे. तेलाचा डबा काट्यावर आला की आधी काय करता काका?”

“धडा करतो. त्यात काय विचारायचं?”

“मग माझ्या नवऱ्याला तोलताना का नाही केलात? डब्यासकट तोललात! आणि डब्याचं भाडं माझ्याकडून मागताय!”

किराणावाल्याचा हात लागून त्याच्या काट्याची पारडी किणकिणली. काकांचा चेहरा लाल झाला. कुणी त्यांना चोर म्हटलं असतं तर एवढं लागलं नसतं.

“पण त्यानं स्वतः सांगितलं,” काका हळू म्हणाले. “मी काय, त्याच्या शब्दावर गेलो. त्याला म्हणू दे.”

फोन फौजिणीच्या हातात होता. तो काही वाजेना. किराणावाला खाकरला. काकांनी एक वजन उचललं, पुसलं, परत ठेवलं. फौजिणीला वाटलं, आता आपण बूट उचलावेत आणि वर जाऊन भांडी बांधायला घ्यावीत.

तेव्हा वाजला. तिनं आवाज मोठा केला आणि फोन पारड्याशेजारी ठेवला.

“काका,” पलीकडून आवाज आला, ट्रकवाल्याचा एवढा मोठा आवाज, पण जीव नसलेला. “त्या दिवशी मी सांगितला तो... तो सगळं धरून होता. हातात येतो तो...” आणि त्यानं खरा आकडा सांगितला.

“एवढाच?” किराणावाल्याच्या तोंडून हसता हसता निघून गेलं. “एवढ्यात तर आमचा गोदामातला हमाल...”

“हसू नका!” फौजीण अशी कडाडली की तो एक पाऊल मागं सरला. “वर्षानुवर्षं फुकट फुकट म्हणत साखर चढ्या भावानं दिलीत मला. तो तिकडं रात्री-बेरात्री घाटातून दारूगोळा नेतो, त्याची आई इकडं चाचपडत जिना उतरते. हे कुणी धरलंय का फळ्यावर? याचे किती होतात, सांगा की भाऊ!”

फोनमधून नवरा म्हणाला, “अगं, ऐकतोय मी,” आणि फोन बंद झाला.

जिन्यावर कठड्याला हात घासल्याचा आवाज झाला. गाठ आली, वळण झालं. तुटकी पायरी. खिळा. सासूबाई खाली आल्या, बाक चाचपून बसल्या आणि म्हणाल्या, “काय काका, आज एवढे गप्प? वजन कमी भरलं की काय?”

काकांनी बूट काट्यावरून उचलले. “जास्त भरलं होतं वहिनी,” ते सासूबाईंना म्हणाले. “धडा राहिला माझ्याकडून.” आणि फौजिणीकडे न बघता, “भाडं आहे तेच. पण भिंतीला रंग देणार नाही, आधीच सांगतो.”

“बूट राहू द्या तुमच्याकडेच,” फौजीण म्हणाली. “परत कुणी फौजी चहाला आला तर आधी ते पारड्यात टाका.”

पुढच्या सुट्टीत नवरा आला, तो मागच्या दारानं थेट माडीवर. दोन दिवस दुकानाकडे फिरकला नाही. तिसऱ्या दिवशी काकांनीच हाक मारली. गेला तर वजनांच्या फळीवर त्याचे बूट, तेल लावून, चकचकीत.

“हे माझे?” तो मिशीत पुटपुटला.

“तुझेच. तोलून ठेवलेत,” काका म्हणाले आणि त्याच्यापुढं चहाचा कप सरकवला. “नाड्या काढून.”