ताराकाकूंनी गोड केलेला शेवट

आमच्या जुन्या जालन्यातल्या गल्लीत मल्याळम वाचता येणारी एकच बाई, ताराकाकू. त्यांचे यजमान केशवकाका बँकेत. त्यांची केरळात बदली झाली आणि काकू तिथं लिपी शिकल्या, तीही कशासाठी, तर साप्ताहिकातल्या प्रेमकथांसाठी! तिथली शेजारीण त्यांना पुढचा भाग सांगता सांगता ऐन रंगात स्वयंपाकाला उठायची. काकूंना ते सोसवेना.

परत आल्या त्या ट्रंकभर कादंबऱ्या घेऊन. दुपारी आम्ही बायका डाळ निवडायला त्यांच्याकडे जमायचो. काकू पानभर मनात वाचायच्या आणि मराठीत सांगायच्या. रबराच्या मळ्यातली गरीब मुलगी, आखातात गेलेला मुलगा, मध्ये आडवा येणारा बाप. सगळं ठरलेलं, तरी आमचा जीव टांगणीला. तिथं कुणीतरी कुणासाठी झुरायचं ना! आमची आठवण घरात भाजी अळणी झाली तरच निघते.

कापडाच्या दुकानात काम करणारी आकांक्षाही सुट्टीच्या दिवशी यायची. ताटातूट झाली की तिचा चेहरा उतरायचा, आणि आम्ही काकूंवर तुटून पडायचो. काकू भिडस्त. रबराच्या मळ्यातल्या त्या मुलीचं त्यांनी सांगताना त्या मुलाशीच लग्न लावून दिलं. पुस्तकात मुलगा परत आलाच नव्हता.

दिवाळीनंतर आकांक्षानं जाफराबादचं चांगलं स्थळ मोडलं. तिचा जीव ज्याच्यात गुंतला होता, तो धावडा गावचा भागवत पुण्याला गेल्यापासून तिचा फोनसुद्धा उचलत नव्हता.

"मी थांबून राह्यले, काकू," ती हसत म्हणाली. "तुमच्या गोष्टीत तो आल्ताच की परत."

तेव्हापासून काकूंना अन्न गोड लागेना. "पोरीचं वाटोळं केलं गं मी," असं रोज मला म्हणायच्या. पुस्तकापायी कुणी स्थळ मोडत नसतं, असं मी त्यांना दटावलं खरं. पण त्या दोघांची गाठ पडायलाच हवी म्हणून सगळ्यात मोठ्यानं ओरडले होते मीच. मलाही तोंड दाखवायची लाज वाटत होती.

शेवटी काकूंनी तिला बोलावून घेतलं आणि माझ्यासमोर सांगून टाकलं. "आकांक्षा, तो परत येत नाही. शेवट मी मनानं रचला. चुकलं माझं."

ती रडेल म्हणून मी पाण्याचा पेला पुढे केला. तिनं तो घेतला नाही.

"मंग तिचं काय झालं?"

"कुणाचं?"

"त्या पोरीचं."

काकूंनी मान खाली घातली. "माहीत नाही गं. तो येत नाही म्हटल्यावर मी पुस्तक मिटलं. पुढची पानं वाचलीच नाहीत."

"म्हंजी तो न्हाई आला, तर तुम्ही तिलाबी तिथंच संपवलं?"

आकांक्षा स्वतःच उठली, ट्रंकेतून पुस्तक काढलं आणि त्यांच्या मांडीवर ठेवलं.

"वाचा आता. जे असंल ते सांगा."