पुढच्या चाकांचं लॉक

क्लच जळल्याचा वास आला की मले भामरागडच्या वाटेवरचा तो नाला आठवतो. मागच्या सीटवर एक पहिलटकरीण कण्हत होती, तिच्या बाजूला सासू अन् गावोगाव जीपनं फिरणारी नर्सबाई. नाल्यात जीप फसली. मी चारही चाकांना जोर देणारा फोर व्हीलचा दांडा ओढून रेस दिली, तरी मागचीच चाकं फिरत राहिली अन् धूर निघाला. नर्सबाई म्हणाली, "भाऊ, उतरून पुढच्या चाकांचं लॉक फिरवलं का? त्याबिगर ती ओढत नाईत." मी ते विसरलो होतो, पण कबूल कोण करते? "वीस वर्सं झाली गाडी चालवून राह्यलो, मले नको शिकवू बाई," म्हणत अजून रेस दिली. मागं पोरगी किंचाळली. मग नर्सबाईच गुडघाभर चिखलात उतरली, चाचपून दोन्ही लॉक फिरवली, अन् म्हणाली, "आता हळूच काढा." गाडी निघाली. दवाखान्यात बाळ रडलं, तशी सासू माझ्या पाया पडली, "भाऊ, तुमच्यानंच वाचली माही सून." नर्सबाई नळावर पाय धूत होती. तिनं एकदा माझ्याकडं पाह्यलं. मी सासूचं बोलणं खोडलं नाई. आज खरं काय ते लिहायला बसलो, तर तिचं नावच मले ठाऊक नाई. तेव्हा विचारलंच नव्हतं.