अक्षता आधी, सत्कार नंतर

विधानसभेत काय बोलावं हे शिकवणारे पुष्कळ भेटले, पण आमदारानं लग्नसराईतून सुटावं कसं हे कुणी शिकवलं नाही. दिवसाला चार-पाच मांडव, प्रत्येक ठिकाणी शाल, नारळ आणि ‘दोन शब्द’. शाळेत शिकवत असताना मी उशिरा येणाऱ्या पोरांना वर्गाबाहेर उभं करायचे. आता माझ्यासाठी मुहूर्त थांबतो, नवरा-नवरी घामाघूम होतात आणि माझी गाडी दिसली की भटजी मंगलाष्टकं पुन्हा पहिल्यापासून सुरू करतात.

मागच्या उन्हाळ्यात लातूर-नांदेड रस्त्यावरच्या एका गावातून माझ्या जुन्या विद्यार्थिनीचा फोन आला. सगळा मतदारसंघ मला ताई म्हणतो. बाई म्हणणारे तेवढे शाळेतले.

“बाई, राग मानू नका, पर परवा माझ्या लग्नाला येऊ नका.”

मला हसूच फुटलं. निवडून आल्यापासून इतकं खरं कुणी बोललं नव्हतं.

“तुमी आलाव की सत्कार, सत्कार झाला की भाषणं. त्याच दिवशी दुपारी नांदेडला तलाठ्याचा पेपर हाय माझा. गेट लागलं की आत घेत न्हाईत. सासू म्हणली, एवढा एकच पेपर दे, मग घर बघ.”

म्हणजे हा पेपर हुकला तर सगळंच संपलं. मी तिच्या वडलांना फोन करून सांगितलं, मला जमणार नाही, तुम्ही वेळेवर उरकून घ्या.

“असं कसं, ताई? बॅनरवर तुमचा फोटू हाय. तुमी येस्तोर अक्षता पडत न्हाईत!”

गेले तर सत्कार, नाही गेले तर वाट बघणं. मोठीच पंचाईत! शेवटी मी लवकर जायचं ठरवलं. गाडी फाट्याच्या अलीकडे झाडाखाली ठेवली, सुती साडी नेसून चालत गेले आणि बायकांच्या घोळक्यात मागे जाऊन बसले. कुणी ओळखलं नाही. लोक आमदाराला गाडीवरून ओळखतात, हे मला त्या दिवशी कळलं. नवरीचे वडील तर बँड घेऊन फाट्यावरच उभे होते.

मुहूर्त टळायला आला. माइकवरचा माणूस म्हणाला, “ताई रस्त्यात हायेत, लोकहो, जरा दम धरा.” नवरी अंतरपाटाआडून फोटोग्राफरच्या मनगटावरचं घड्याळ बघत होती. मला राहवेना. मी उठले, माइकवाल्याच्या हातून माइक घेतला आणि वर्गातला आवाज काढला.

“सगळे खाली बसा! अक्षता आधी, सत्कार नंतर. भटजी, सुरू करा.”

अर्ध्या मांडवाला मी शिकवलेलं. ते बसले, त्यांना बघून उरलेलेही बसले. एक पुढारी मात्र भाषण बुडालं म्हणून तडक उठून गेले. त्यांच्या हातात चार गावांची मतं आहेत. गेले तर गेले! वडील शाल घेऊन धापा टाकत पोचले, तोवर लग्न लागलं होतं. मी ती शाल तिथंच खुर्चीवर ठेवली आणि नवरा-नवरीला गाडीत कोंबलं.

नांदेडपर्यंत ती मुंडावळ्या सावरत प्रश्नसंच वाचत होती आणि तो प्रश्न विचारत होता. उत्तरं त्यालाही येत नव्हती, पण उत्साह दांडगा. गेट अजून उघडं होतं. तो पाण्याची बाटली आणायला धावला. रखवालदार म्हणाला, अंगावर दागिना चालत नाही. तिनं जोडवी काढून पर्समध्ये टाकली आणि पर्स गाडीत फेकली. मग गळ्यातलं मंगळसूत्र काढलं.

मी विधवा आहे. मांडवात मला शाल मिळते, नारळ मिळतो. हळदी-कुंकवाचं ताट मात्र माझ्यापाशी आलं की पुढच्या बाईकडे सरकतं. मला त्याचं काही वाटत नाही, असं मी सगळ्यांना सांगते. वाटतं, खूप वाटतं.

तिनं ते मंगळसूत्र सरळ माझ्या हातात ठेवलं. “बाई, एवढं सांभाळा,” म्हणाली आणि आत पळाली.

नवरा बाटली घेऊन परत आला. मी घाईघाईनं हात पुढे केला, “घ्या हो, तुमच्याकडं असू द्या.”

त्यानं एकदा माझ्या हाताकडे पाहिलं आणि म्हणाला, “राहू द्या बाई. तुमच्याकडंच दिलंय की तिनं.”

पेपर सुटेपर्यंत मी मूठ उघडली नाही.