युसूफच्या मिरवणुकीला, बीबीच्या पुढच्या गावात

मे महिन्यात विदर्भाच्या वाटेला जाऊ नये, असं या ब्लॉगवर मीच कधीतरी लिहिलंय. तरी या मेच्या शेवटी आम्ही कराडहून थेट बुलढाणा जिल्ह्यात गाडी नेली, कारण युसूफ निवृत्त होऊन घरी येत होता.

युसूफ हा माझ्या नवऱ्याचा, विलासचा, पलटणीतला जोडीदार. दोघं एकाच भरतीत निवडले गेले, एकाच बराकीत राहिले, आणि एक अख्खा हिवाळा बर्फातल्या चौकीवर एकाच शेगडीपाशी झोपले. रमजानात रोजा सोडायच्या वेळेला युसूफचा पहारा विलास करायचा, दिवाळीच्या संध्याकाळी विलासचा पहारा युसूफ. विलास आधी निवृत्त झाला. युसूफ हवालदार म्हणून सीमेवर राहिला, आणि तेवढ्यात ते दिवस आले. देशात हल्ला झाला, सीमेवर तोफा सुरू झाल्या, रजा रद्द झाल्या. युसूफचा फोन लागेना. विलास टीव्हीसमोरून उठत नव्हता आणि मी जेवण वाढून पुन्हा झाकून ठेवत होते.

मग तोफा थांबल्या. एका सकाळी युसूफचाच फोन आला. महिनाअखेरीला सुटतोय, वहिनींना घेऊन ये, आमच्या गावात निवृत्त जवानाची मिरवणूक कशी निघते ते एकदा बघा म्हणाला. विलासने त्याच दिवशी गाडी सर्व्हिसिंगला टाकली.

पहाटे निघालो. पुणे, नगर, संभाजीनगर, आणि तिथून समृद्धी. टोल चांगलाच बसतो, पण त्या उन्हात वाचलेला वेळ त्याहून मोलाचा आहे. चढण्याआधी टायर मात्र तपासून घ्या. तापलेल्या काँक्रीटवर जुना टायर दगा देतो. मध्ये खायला फारसं काही मिळत नाही, म्हणून मी दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी बांधून घेतली होती. सिंदखेडराजाला खाली उतरलो, माँसाहेबांच्या जन्मघरासमोर डोकं टेकवलं आणि जुन्या रस्त्याने दुसरबीडवरून बीबीला पोहोचलो. नांगरून ठेवलेली काळी रानं उन्हात भेगाळलेली होती.

बीबीत उसाचा रस घेतला. युसूफचं गाव तिथून थोडं आत आहे, म्हणून रसवाल्याला रस्ता विचारला. कोणाकडे म्हणून त्याने विचारलं. आम्ही सांगितल्यावर तो म्हणाला की मिरवणूक रद्द झाल्याचं ऐकलंय. आम्हा दोघांनाही पुढचा घोट गोड लागला नाही.

घरी पोहोचलो तर खरंच लगबग नव्हती. युसूफचा मोठा भाऊ रशीदभाई वेल्डिंगचं दुकान चालवतो, गावातली निम्मी फाटकं त्याच्या हातची. युसूफची बायको नजमा चहा घेऊन आली, पण डोळ्याला डोळा देईना. अम्मा, म्हणजे युसूफची आई, पलंगावर तसबीहचे मणी ओढत बसली होती.

हळूहळू सगळं कळलं. या गावातून बरीच पोरं फौजेत गेली आहेत. निवृत्त होऊन येणारा प्रत्येक जवान आधी मारुतीच्या पारावर उभा राहतो, गुरव नारळ फोडतात, आणि तिथून उघड्या जीपमध्ये त्याची मिरवणूक निघते. तोफा चालू असताना कुणीतरी फोनवर एक मजकूर फिरवला होता. युसूफचं नाव लिहून खाली विचारलं होतं की मारुतीच्या पारावर असल्याची मिरवणूक कशाला. कुणी लिहिलं ते कळलं नाही, पण गावातल्या बहुतेकांच्या फोनवर तो येऊन गेला होता. रशीदभाईंनी तो वाचला आणि स्वतःच सरपंचांना जाऊन सांगितलं की मिरवणूक नको.

विलास चिडला. देशासाठी एवढी वर्षं उभा राहिलेला माणूस चोरासारखा घरात शिरणार का, असं त्याने विचारलं.

"तुमचं बरोबर आहे," रशीदभाई म्हणाले. "पण मले भांडण नाही पाहिजे. भाऊ सहीसलामत येऊन राह्यला, तेच लय झालं. गर्दीत एखादा त्याच्या वर्दीवर बोलला तर मी काय करू?"

विलासने चहाचा कप खाली ठेवला आणि तो उठला.

युसूफ तेव्हा रेल्वेत होता. विलासने अंगणात जाऊन त्याला फोन लावला आणि सगळं सांगून टाकलं. मी शेजारीच उभी होते. पलीकडून रेल्वेचा खडखडाट येत होता. त्यातून युसूफ म्हणाला, "नको म्हणणारा मी नाही, विलास. पण मागणारही नाही. गाव बोलावेल तर पारावर उभा राहीन, नाहीतर घरी जाऊन आईच्या पाया पडीन. इज्जत मागून घेत नसतात."

संध्याकाळी भीमराव गवई आले. हेही निवृत्त फौजी, आता गावातल्या माजी सैनिकांचं सगळं तेच बघतात. अंगणातल्या खाटेवर बसून त्यांनी रशीदभाईंचं शांतपणे ऐकून घेतलं. मग स्वतःचं सांगितलं. ते बौद्ध. ते निवृत्त झाले तेव्हाही गावात कुजबुज होती, की हा मारुतीला मानत नाही तर पारावर कसा उभा राहणार. आणि त्यांच्या वस्तीतले काही जण विचारत होते की तू तिथे जातोसच कशाला.

"मी गेलो," भीमराव म्हणाले. "हात जोडले नाही, नारळाले हात लावला नाही. सावधान उभा राह्यलो अन् गावाले सॅल्यूट ठोकला. पार मारुतीचा आहे, पण तिथून मिरवणूक निघते ते गाव सगळ्यायचं आहे. युसूफनं काऊन मागच्या वाटेनं जावं?"

भीमराव उठले, विलासला आणि मला सोबत घेतलं आणि पारावर गेले. गुरवबाबा पिंपळाला पाणी घालत होते. भीमरावांनी आडपडदा न ठेवता विचारलं, उद्या नारळ फोडणार की नाही.

म्हाताऱ्याने तांब्या खाली ठेवला. आपल्याला कुणी विचारलंच नाही, असं आधी तक्रारीच्या सुरात म्हणाले. मग म्हणाले, "तोफा चालू होत्या तवा मी रोज पहाटे गावच्या फौजी पोरायची नावं घेऊन मारुतीले पाणी घालत होतो. युसूफचं नाव कधी वगळलं नाही. धोक्यात होता तवा नाव घेतलं, अन् आता सुखरूप आला तर वगळू?"

ते तसेच सरपंचांच्या घरी निघाले, भीमराव त्यांच्या मागे. रात्री जेवताना लाऊडस्पीकरवर दवंडी ऐकू आली: उद्या सकाळी हवालदार युसूफ यांच्या स्वागताला समस्त गावकऱ्यांनी फाट्यावर यावं. नजमाच्या हातातली भाकरी तव्यावर करपली. अम्माने पदर डोळ्याला लावला आणि म्हणाली की करपलेली भाकरी आज मीच खाईन.

सकाळी विलास आणि रशीदभाई युसूफला आणायला जालन्याला गेले. देऊळगाव राजावरून रस्ता चांगला आहे, दोनेक तासांत होतो. मी नजमाबरोबर फाट्यावर थांबले. खरं सांगते, मला भीती वाटत होती. दवंडी देणं सोपं असतं. नऊ वाजता ऊन चटका द्यायला लागलं तेव्हा फाट्यावर आम्ही मोजकीच माणसं होतो. पानटपरीशी चार-सहा तरुण फोन बघत उभे होते, आमच्याकडे बघून न बघितल्यासारखं करत होते.

मग गावाकडून ढोल ऐकू आला. आधी शाळेतली मुलं झेंडे घेऊन आली. त्यांच्या मागे भीमराव आणि इतर माजी सैनिक, छातीवर पदकं लावून. मशिदीतली मंडळी आली, बचतगटाच्या बायका ओवाळायची ताटं घेऊन आल्या, एका ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत म्हाताऱ्या बसून आल्या. सजवलेली जीप आली, तिच्या पुढे गुरवबाबा चालत होते. आमची गाडी वळणावर दिसली आणि युसूफ वर्दीत खाली उतरला, तेव्हा रस्ता पार भरून गेला होता. तो उंचापुरा माणूस टोपी सावरून गर्दीकडे चालू लागला.

पारावर तो सावधान उभा राहिला. गुरवबाबांनी नारळ त्याच्यावरून ओवाळला. "तुझ्या नावाचा फोडतो," म्हणाले, आणि फोडला. युसूफने कडक सॅल्यूट केला. मग छातीत श्वास भरून त्याने त्यांच्या पलटणीची रणघोषणा दिली, महाराजांच्या नावाची. ही घोषणा देत तो इतकी वर्षं चढाईचा सराव करत आला होता. जीपजवळून विलासने तिला उत्तर दिलं, त्याच्या मागोमाग भीमरावांनी, आणि तिसऱ्या वेळी अख्ख्या गावाने. माझ्या अंगावर आत्ता लिहितानाही काटा आलाय.

युसूफने विलासला हाताला धरून जीपमध्ये ओढलं. विलास नको नको म्हणत होता. तो निवृत्त झाला तेव्हा आम्ही शहरातल्या फ्लॅटवर नुसत्या ट्रंका उतरवल्या होत्या. शेजाऱ्यांना वाटलं बदली झाली. आता एका अनोळखी गावातल्या बायका त्याच्या कपाळाला कुंकू लावत होत्या आणि तो मान खाली घालून रडत होता. जीप मशिदीसमोर थांबली, मौलानांनी दुआ मागितली. बुद्धविहारासमोर थांबली, तिथे मुलींनी फुलं टाकली. रशीदभाई शेवटपर्यंत गर्दीच्या कडेने चालत होते, एकेकाचा चेहरा निरखत. वेशीपाशी कुणीतरी त्यांना ढोलासमोर ढकललं, आणि तो गंभीर माणूस दोन्ही हात वर करून नाचला. टपरीवरचे तरुण मिरवणुकीत आले नाहीत. हेही लिहायला हवं.

दुपारी शाळेच्या पटांगणात सगळ्या गावाचं जेवण. गोवऱ्यांच्या आरावर भाजलेले कणकेचे रोडगे, वरण, वांग्याची झणझणीत भाजी. रोडगा फोडून त्यात तूप ओतायचं, आणि वाढणारा थांबत नाही तोवर आपण हात आडवा करायचा नाही.

दुसऱ्या दिवशी युसूफने आम्हाला लोणारचं सरोवर दाखवलं. उन्हाळ्यात जाणार असाल तर सकाळी लवकर जा, टोपी आणि पाणी विसरू नका. ऊन चढेपर्यंत तिघंही काठावर बसलो.

कराडला परत आल्यावर मैत्रिणींनी विचारलं की तिकडे बघण्यासारखं काय आहे. मी लोणार सांगितलं, सिंदखेडराजा सांगितलं. बाकीचं सांगायला शब्द जुळेनात. देवाचं नाव आणि देशाचं नाव मी हल्ली बहुतेक वेळा ओरडलेलंच ऐकते. त्या पारावर दोन्ही नावं मोठ्याने घेतली गेली, पण कुणाला बाहेर ठेवायला नाही. तेवढं माझ्यासोबत घरी आलं.

काल नजमाचा फोन आला. विलासने फोन स्पीकरवर टाकला आणि युसूफला बोलवायला सांगितलं. ती हसायला लागली. भाईजान, ते घरी आल्यापासून नुसते झोपतात, म्हणाली. पहाटेच्या फजरच्या अजानलाही जाग येत नाही. ती उठवायला गेली तर अम्माने अडवलं.

"काय म्हणाल्या अम्मा?" मी विचारलं.

"म्हणाल्या, झोपू दे त्याले. आता गाव जागं आहे."